ओट्यावर बसवून ठेवलेल्या बाईंबाबत

जबाब देणार: महिला, नाव खाली सहीत आहे तेच. वय एकसष्ट. धंदा स्वतःची पिठाची गिरणी. राहणार मूळ गावी बाजारामागच्या गल्लीत, गिरणीच्या वरच्या दोन खोल्यांत. सध्या मुक्काम स्टेशनसमोरच्या लॉजवर, दुसरा मजला, नणंदेसह.

समक्ष पोलीस ठाण्यात हजर राहून, विचारल्यावरून सांगते की, मी वरील ठिकाणी राहत असून मला लिहिता-वाचता येतं. आमच्या टूरच्या गाईडने माझ्याविरुद्ध आज दुपारी जो अर्ज दिला, तो मला वाचून दाखवला आहे. मी होडीत आरडाओरडा केला, त्यांना धक्काबुक्की केली आणि त्यांचा लाउडस्पीकर नदीत फेकला, असं त्यात आहे. लाउडस्पीकर मी फेकला. ते मी नाकारत नाही. बाकीचं कसं झालं ते सांगते.

आरडाओरड्याबद्दल आधी सांगते. गिरणीचा पट्टा चालू असताना गिऱ्हाइकाशी बोलावं लागतं. एवढी वर्षं तेच केल्यामुळे माझा आवाज तसाच बसला आहे. मी खुशाली विचारली तरी समोरच्याला भांडण वाटतं, हे माझे यजमानही म्हणायचे. त्यामुळे आवाजावरून काही ठरवू नये. मात्र मी रागावले होते हे खरं आहे आणि अजूनही रागावलेली आहे. तसं लिहावं.

माझ्यासोबत माझी थोरली नणंद आहे. मी त्यांना वन्सं म्हणते. वय अडुसष्ट, लग्न केलेलं नाही. सरकारी रुग्णालयात टेलिफोन ऑपरेटर होत्या, तिथूनच निवृत्त झाल्या. काचबिंदूमुळे त्यांना आता दिसत नाही. खिडकी कुठल्या बाजूला आहे एवढं उजेडावरून कळतं. हवालदारांनी आधी इथे 'सदर अंध महिला' असं लिहिलं होतं. मी ते खोडायला लावलं. त्या माझ्या वन्सं आहेत आणि पुढेही तसंच लिहावं.

या शहरात यायची इच्छा वन्संची. डोळे होते तेव्हापासूनची. माझे यजमान दरवर्षी त्यांना सांगायचे, 'ताई, पुढच्या वर्षी नक्की.' ते गेले त्याला दीड वर्ष झालं. त्यांनी बोलून ठेवलं होतं म्हणून मी घेऊन आले. टूरच्या ऑफिसात बुकिंग करताना मी वन्संना बरोबर नेलं होतं, म्हणजे नंतर कुणी म्हणायला नको की सांगितलं नाही. मालकांनी त्यांना स्वतः उठून खुर्ची दिली. म्हणाले, 'आजींना फुलासारखं नेऊ, फुलासारखं आणू.' त्यांचे शब्द मी जसेच्या तसे सांगते आहे, कारण मालकांना फोन लावला तेव्हा ते शब्द त्यांना आठवत नव्हते.

गाईड म्हणजे पस्तिशीचा, बोलका माणूस. कमरेला पट्ट्याने बांधलेला छोटा लाउडस्पीकर आणि गालापाशी माईक. जेवणाच्या टेबलावरसुद्धा तो माईक काढत नसे. स्टेशनवर आम्हाला घ्यायला आला तेव्हा वन्संच्या हातातली काठी बघून त्याने मला बाजूला घेतलं. म्हणाला, 'असं कुणी असेल हे मला ऑफिसने कळवलं नाही. इथे गल्ल्या अरुंद, पायऱ्या निसरड्या. तुम्ही त्यांना लॉजवर ठेवा. तसंही त्यांना काय दिसणार आहे?' हे तो बाजूला घेऊन बोलला, पण माईक चालू होता. सगळ्यांनी ऐकलं. वन्संनी पण. त्या म्हणाल्या, 'तुम्ही सांगत जा की. मला ऐकू चांगलं येतं.'

पहिला दिवस बरा गेला. मी वन्संचा हात धरून चालायचे आणि डाव्या-उजव्या बाजूला काय आहे ते सांगायचे. गल्ली इतकी अरुंद होती की दोघींना शेजारी शेजारी चालता येत नव्हतं. वन्सं माझा खांदा धरून मागून यायच्या. भिंतींना हात लावत होत्या. एका ठिकाणी भिंत गरम लागली तर म्हणाल्या, 'आत चूल असणार.' होतीच. त्या खूश होत्या. मी यजमान गेल्यापासून त्यांना इतकं बोलताना पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी एक किरकोळ गोष्ट झाली. हवालदार म्हणाले याचा गुन्ह्याशी संबंध नाही. माझ्या मते आहे, म्हणून लिहायला सांगितलं. नदीवरच्या एका जुन्या देवळापाशी गाईड गोष्ट सांगत होता. एका राजाची राणी रुसून नदीत उतरली, राजाने एका रात्रीत देऊळ बांधून तिला परत आणलं, अशी. गोष्ट संपल्यावर वन्सं सहज म्हणाल्या, 'काल हीच गोष्ट त्या दुसऱ्या देवळाची होती ना? तिथे राणी धाकटी होती.' त्यांनी टोमणा मारला नव्हता. त्यांना खरंच शंका आली होती. पण सगळे हसले. आमच्यातले एक निवृत्त बँकवाले काका आहेत, ते तर म्हणाले, 'राजाला दोन बायका, देवळं दोन, हिशेब बरोबर आहे.' गाईडसुद्धा हसला. पण त्यानंतर त्याने वन्संकडे पाहून बोलणं बंद केलं. त्या ज्या बाजूला उभ्या असतील तिकडे पाठ करून तो बोलायचा.

आज सकाळी लवकर आम्हाला होडीतून सगळे घाट दाखवायला नेलं. दोन होड्या ठरवल्या होत्या. घाटाच्या वरच्या टोकाला, जिथून पायऱ्या सुरू होतात, तिथे गाईड मला म्हणाला, 'तुम्ही पिशव्या घेऊन पुढे व्हा आणि सावलीतली जागा धरा. पायऱ्या शेवाळलेल्या आहेत. यांना मी स्वतः धरून आणतो. दोन बायका घसरल्या तर मला उत्तर द्यावं लागेल.' मी नको म्हणाले. वन्संनीच मला ढकललं. म्हणाल्या, 'जा गं. पुरुषमाणसाची पकड घट्ट असते. मला पाण्यापर्यंत नेतील ना? तेवढं विचार फक्त.' मी विचारलं. तो म्हणाला, 'पाण्यात हात बुडवूनच बसवतो.' त्याने वन्संचा दंड धरलेला मी पाहिला आणि मग खाली गेले.

होडीला वरून कापडाचं छत होतं आणि माणसं दाटीने बसली होती. मी पुढच्या होडीत दोन जागा धरून एकीवर पिशवी ठेवली. थोड्या वेळाने गाईड पुढच्या टोकाने चढला आणि नावाड्याला म्हणाला, 'चल.' होडी सुटली. मी विचारलं, 'वन्सं कुठे आहेत?' तो म्हणाला, 'मागच्या होडीत बसवल्यात. तिथे जागा मोकळी होती.' मी वळून पाहिलं, पण छतामुळे दिसेना. ठेवलेल्या जागेवरची पिशवी मी मांडीवर घेतली.

गाईडने माईकवर बोलायला सुरुवात केली. हा घाट अमक्याने बांधला, इथे बसलं की अमकं पाप जातं. माझं लक्ष नव्हतं. मागची होडी जरा जवळ आली तसा मी हाक मारली, 'वन्सं.' उत्तर आलं नाही. गिरणीत मारते तशी हाक होती. मागच्या होडीतल्या सगळ्यांनी मान वर केली, म्हणजे ती पोचली होती. त्यात वन्सं असत्या तर त्यांनी 'ओ' दिली असती. त्या दुसऱ्या खोलीतून भांडं पडल्याचा आवाजसुद्धा कुठल्या भांड्याचा ते सांगतात.

मी गाईडला दुसऱ्यांदा विचारलं. तो म्हणाला, 'बाई, पाच मिनिटं शांत बसा. आता महत्त्वाचं ठिकाण येतंय.'

ते ठिकाण म्हणजे जिथे मृतांना अग्नी देतात तो घाट. होडी तिथे हळू करायला लावली. आमच्या लोकांनी मोबाईल वर काढले. पायऱ्यांवर एक चिता जळत होती आणि दुसरी रचायचं चालू होतं. तिथे एक तरुण माणूस आणि एक बाई, बहीणभाऊ असावेत, उभे होते. त्या बाईने आमच्याकडे बघून हात हलवला. फोटो काढू नका असा तो हात होता, हे कुणालाही कळलं असतं. गाईडने माईकवर सांगितलं, 'इथे मरण म्हणजे सोहळा. इथे कुणीही रडत नाही. बघा, एकाच्या तरी डोळ्यांत पाणी आहे का?' ती बाई रडत होती. आम्ही इतक्या जवळ होतो की तिच्या नाकातल्या चमकीपर्यंत सगळं दिसत होतं. तिने लाउडस्पीकरवरचं ते वाक्य ऐकलं आणि भावाच्या पाठीमागे जाऊन उभी राहिली.

माझ्या यजमानांच्या वेळी आमच्या गल्लीतल्या दुकानदारांनी दुकानातले रेडिओ आपणहून बंद केले होते. एवढंच इथे लिहावं.

मग मी गाईडला विचारणं सोडलं आणि नावाड्याला विचारलं. तो पन्नाशीचा, कमी बोलणारा माणूस. त्याने मागच्या नावाड्याला ओरडून विचारलं, 'काठीवाल्या बाई तुझ्याकडे आहेत का?' तिकडून 'नाहीत' असं उत्तर आलं. नावाड्याने वल्ही थांबवली आणि गाईडकडे पाहिलं. तेव्हा गाईडने माईकवर हात ठेवून सांगितलं, 'वर देवळाच्या ओट्यावर बसवलंय त्यांना. सेफ आहेत. पायऱ्या उतरायला पाव तास घालवला असता त्यांनी. आपण तासाभरात परत जातोच आहोत.'

मी म्हणाले, 'होडी मागे घ्या.'

तो म्हणाला, 'बाकीच्या लोकांनी काय पाप केलंय?'

बँकवाले काका म्हणाले, 'अहो बाई, तासाभराचा प्रश्न आहे. सावलीत बसल्यात. समजून घ्या जरा.' त्यांच्या सौभाग्यवती आमच्या खोलीत रोज संध्याकाळी येऊन बसायच्या आणि वन्संना 'माझ्या मोठ्या बहिणीसारख्या' म्हणायच्या. त्यांनी पाण्याकडे बघितलं. होडीत आमचे टूरमधले एवढे लोक होते, त्यातला एकही 'मागे घ्या' म्हणाला नाही. मी त्यांची नावं देत नाही. त्यांना ती माहीत आहेत.

गाईडने माईकवरचा हात काढला, लाउडस्पीकरचा आवाज वाढवला आणि पुढच्या घाटाचं सांगू लागला. मी बोलत होते ते त्यामुळे कुणालाच ऐकू जाईना. मला उभ्या आयुष्यात आवाजात कुणी हरवलं नव्हतं. मी उठले, त्याच्या कमरेच्या पट्ट्याची कळ दाबली, लाउडस्पीकर सुटून हातात आला, तो पाण्यात टाकला. मी त्याच्या अंगाला हात लावला नाही. तो मागे सरकला आणि फळीवर बसला, ते त्याचं तो बसला. गालावरचा माईक तसाच राहिला होता आणि तो त्यात 'अहो, अहो' म्हणत होता.

त्यानंतर नावाड्याने कुणालाही न विचारता होडी वळवली. त्याच्यावर या प्रकरणात कुणी ठपका ठेवू नये.

घाटावर पोचल्यावर मी पायऱ्या चढून ओट्यापाशी गेले. ओटा रिकामा होता. वन्संची काठी ओट्याखाली पडली होती. ती मी उचलली, ती आत्ता माझ्याकडे आहे. गाईड मागून आला आणि म्हणाला, 'इथेच बसवलं होतं, कुठे उठून गेल्या?' जणू त्या बाजारात बांगड्या भरायला गेल्या होत्या. समोर नदीचं पाणी न्यायला प्लॅस्टिकचे कॅन विकणारा एक माणूस बसतो. त्याने सांगितलं, 'मघाशी, मोठे पाहुणे येणार म्हणून, ओट्यावरच्या सगळ्या बायकांना जाळीच्या गाडीत घालून नेलं. त्यात त्यापण गेल्या. सांगत होत्या, मी टूरची आहे. आता काय, ओट्यावरची प्रत्येक जण कुठल्या ना कुठल्या टूरचीच असते.'

मी विचारलं, 'कुठे नेलं?'

तो म्हणाला, 'पोलीस ठाण्याच्या मागच्या शेडमध्ये ठेवतात संध्याकाळपर्यंत. मग सोडतात.'

म्हणजे आपण आत्ता ज्या खोलीत बसून हे लिहितो आहोत, तिच्या मागच्या शेडमध्ये. हवालदार इथे थोडा वेळ थांबले. मी म्हणाले, गाईडचं लिहिताना तुम्ही थांबला नव्हतात. मग त्यांनी लिहिलं.

शेडमध्ये पत्र्याखाली तीसेक बायका होत्या. वन्सं भिंतीला टेकून, पाय पोटाशी घेऊन बसल्या होत्या. त्यांना तसं बसलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. घरी त्या खुर्चीतसुद्धा ताठ बसतात. मी 'वन्सं' म्हणाले. त्या म्हणाल्या, 'आलीस? मला वाटलंच होडीला उशीर होतोय.' त्यांचा एक हात शेजारच्या म्हाताऱ्या बाईच्या हातात होता. साडी गुडघ्यापाशी मळली होती आणि कोपरावर खरचटलेलं होतं. गाडीत चढवताना लागलं, असं त्यांनी नंतर सांगितलं. डॉक्टरांना दाखवून नोंद करावी.

वन्संनी मला जे सांगितलं ते असं. गाईडने त्यांना ओट्यावर बसवून 'होडी लागली की न्यायला येतो' सांगितलं. त्या बसल्या. थोड्या वेळाने त्यांच्या मांडीवर काहीतरी पडलं. नाणं होतं. कुणाचं तरी खिशातून पडलं असं समजून त्यांनी ते उचलून पुढे धरलं आणि म्हणाल्या, 'अहो, तुमचं काहीतरी पडलं.' कुणी घेतलं नाही. मग दुसरं पडलं. तेही त्यांनी पुढे धरलं. तेव्हा शेजारून एक म्हातारी बाई म्हणाली, 'ठेव गं. देणाऱ्याला परत करू नये, त्याला वाईट वाटतं.' वन्संना तेव्हा कळलं आपण कुठे बसलो आहोत. त्यांना उठायचं होतं, पण पायऱ्या कुठल्या बाजूला आहेत ते माहीत नव्हतं. आणि होडी आली तर आपण जागेवर नसलो तर पंचाईत, म्हणून त्या बसून राहिल्या.

एवढं सांगून त्या म्हणाल्या, 'अगं, हे घरी कुणाला सांगू नकोस.' मी घरी सांगणार नाही. इथे सांगते आहे, कारण इथे ते ऐकून कुणाला तरी काही वाटायला हवं.

गाडी आली तेव्हा वन्संनी आपलं नाव, हुद्दा, रुग्णालयाचं नाव, लॉजचं नाव आणि माझा मोबाईल नंबर सांगितला. इथे आल्यावर शेडच्या दारातल्या शिपायाला परत सांगितलं. 'एक फोन लावा, माझी भावजय लगेच येईल,' म्हणाल्या. शिपाई म्हणाला, 'सगळ्या असंच सांगतात, आजी.' माझा मोबाईल पूर्ण वेळ चालू होता. त्यावर सकाळपासून एकही फोन आलेला नाही. हवं तर तपासावा. ज्या बाईने पुऱ्या नोकरीत हजारो माणसांना त्यांच्या माणसांशी जोडून दिलं, तिच्यासाठी एक नंबर कुणाला फिरवता आला नाही.

साहेबांनी मला खोलीत बोलावून सांगितलं की चुकून झालं, वन्संना घेऊन जा. गाईडही तिथे होता. लाउडस्पीकरबद्दल मी चार माणसांत माफी मागितली तर अर्ज मागे घेतो, असं तो म्हणाला. मी माफी मागणार नाही. लाउडस्पीकर गेला ते गेला. वन्संची माफी त्याने मागितली का, असं मी साहेबांना विचारलं. साहेबांनी गाईडकडे पाहिलं. गाईड म्हणाला, 'मी त्यांच्या भल्यासाठीच बसवलं होतं.' चोर तो चोर वर शिरजोर म्हणतात ते हेच.

वन्सं मात्र शेडमधून उठल्या नाहीत. त्या म्हणाल्या, 'या मावशींचा पण फोन लावायचा राहिलाय.'

मावशी म्हणजे ती शेजारची म्हातारी. वय ऐंशीच्या पुढे असावं. ऐकायला कमी येतं. ओट्यावरच्या बायका तिला 'दर्शनवाली' म्हणतात, कारण कुणीही विचारलं की ती सांगते, 'माझी माणसं दर्शनाला गेलीत, येतीलच एवढ्यात.' वन्संनी तिच्याकडून सावकाश काढून घेतलं ते असं: ती मुलगा, सून आणि त्यांच्या गावच्या माणसांबरोबर टूरमध्ये आली होती. गर्दीत ती चेंगरायला नको म्हणून मुलाने ओट्यावर बसवलं आणि 'इथून हलू नकोस' सांगितलं. ती हलली नाही. तेव्हा थंडी होती. त्यानंतर दोन थंड्या येऊन गेल्या असं ती म्हणते. मुलाचा नंबर तिला पाठ आहे. लहान मुलं पाढे म्हणतात तशी ती तो चालीत म्हणते.

हवालदार म्हणाले, 'तो नंबर ती येईल त्याला सांगते.'

वन्सं म्हणाल्या, 'लावून बघितलात का?'

हवालदारांनी समोरचा कागद सरळ केला. वन्सं म्हणाल्या, 'तुमचा फोन जरा माझ्यापुढे सरकवा.'

मी वन्संना या टेबलापाशी आणलं. म्हातारीला दारातल्या बाकावर बसवलं. वन्संनी बोटांनी आकडे चाचपले आणि नंबर लावला. त्यानंतर जे बोलणं झालं ते मी शेजारी उभी राहून ऐकलं. खोली शांत होती आणि रिसीव्हरमधला आवाज बाहेर येत होता. हवालदारांनीही ऐकलं.

पलीकडून पुरुषाचा आवाज आला. वन्संनी त्यांच्या नोकरीतल्या आवाजात त्याचं नाव विचारून खात्री केली. तो 'हो, बोला' म्हणाला. वन्सं म्हणाल्या, 'एक मिनिट थांबा, तुमच्या आईंना देते.' मग तो म्हणाला, 'माझी आई वारली. दोन वर्षं झाली. आमचं सगळं करून झालंय.' वन्सं म्हणाल्या, 'त्या इथे बसल्या आहेत. तुमचा नंबर त्यांनीच दिला.' तो म्हणाला, 'परत या नंबरवर फोन करू नका.' त्याच्या मागे कुणीतरी 'कोण आहे?' असं विचारलं. 'राँग नंबर,' असं त्याने उत्तर दिलेलं ऐकू आलं. मग फोन बंद झाला.

वन्संनी रिसीव्हर जागेवर ठेवला. बाकावरून म्हातारीने विचारलं, 'काय म्हणाला?' वन्सं तिच्या बाजूला तोंड करून मोठ्याने म्हणाल्या, 'लाइन लागत नाही मावशी.' म्हातारी म्हणाली, 'असू दे. दर्शनाला गर्दी असते. उद्या लाव.'

लाइन लागली होती. सदर इसमाचा नंबर वन्संनी सांगितल्याप्रमाणे हवालदारांनी या जबाबाच्या समासात लिहून घेतला आहे.

माझी तक्रार खालीलप्रमाणे आहे. गाईडने माझ्याशी खोटं बोलून वन्संना ओट्यावर सोडलं. टूरच्या मालकांनी दिलेला शब्द पाळला नाही. वन्संनी सांगूनही ठाण्याने फोन लावला नाही. आणि या म्हातारीला तिच्या मुलाने सोडून दिलं आहे. गाईडचा लाउडस्पीकर आज सकाळी पाण्यात गेला आणि दुपारीच त्याची नोंद झाली. ही बाई दोन वर्षं सगळ्यांच्या डोळ्यांसमोर बसली आहे. किती वेळा तिला त्या गाडीतून इथे आणून संध्याकाळी परत सोडलं, आणि एकदा तरी तिची नोंद झाली का, असं मी विचारलं. बघून सांगावं लागेल, असं उत्तर मिळालं. बघावं.

आमची परतीची गाडी उद्या आहे. ती आम्ही सोडणार आहोत. म्हातारीचा जबाब घेतल्याशिवाय आणि तिच्या राहण्याची सोय झाल्याचं स्वतः पाहिल्याशिवाय आम्ही दोघी इथून जाणार नाही. रात्री तिला ओट्यावर परत सोडू नये. कुठेच जागा नसेल तर आमच्या लॉजच्या खोलीत तिसरी गादी टाकता येते, मी मॅनेजरला विचारलं आहे. महिला हवालदार आत्ता आल्या असून त्यांनी तिचं नाव विचारायला सुरुवात केली आहे. ती त्यांना मुलाचं नाव सांगते आहे. तिचं स्वतःचं नाव अजून कळलेलं नाही.

वन्संचा हात अद्याप नदीला लागलेला नाही. त्या म्हणतात, घाई नाही.

वरील मजकूर मी सांगितला तसाच उतरवला असून तो मला, माझ्या वन्संच्या समक्ष, मोठ्याने वाचून दाखवण्यात आला. दोन ठिकाणी शब्द मऊ केले होते ते मी पूर्ववत करून घेतले. मात्र टेलिफोनवरच्या बोलण्यापासून माझ्या तक्रारीपर्यंतचा मजकूर वाचून दाखवलेला नाही. वाचता वाचता हवालदार त्या भागापाशी आले तेव्हा म्हातारी बाकावरून उठून आमच्या जवळ येऊन बसली होती. त्यांनी वाचणं थांबवलं आणि कागद माझ्या हातात दिला. तेवढा भाग मी स्वतः मनात वाचला. तो बरोबर आहे.